सोफ्यावरची चार माणसं

"तिथं नको, मॅडम. तिथं माणूस बसलाय."

असं म्हणून काका उजवा हात आडवा धरायचे, चौकात पोलीस गाड्या थांबवतो तसा. आपण सोफ्यापासून एक पाऊल मागे यायचो. सोफा तीन जणांचा, मरून रंगाचा, पूर्ण रिकामा. मग ते डावीकडे बघून हिंदीत सांगायचे, "जरा सरको भाई, मॅडम को बैठने दो." दोन सेकंद थांबायचे. "हां, आता बसा." आपण बसायचो, तेही जरा अंग चोरून. तुम्हीही तसेच बसला असता.

आम्ही दुबईजवळच्या अजमानमध्ये एका इमारतीत, एकाच मजल्यावर समोरासमोर राहत होतो. सगळी इमारत त्यांना काका म्हणायची म्हणून मीही म्हणायचे. मी दुबईतल्या एका इंग्रजी वर्तमानपत्रात उपसंपादक होते. दुसऱ्यांनी लिहिलेल्या बातम्यांतल्या चुका काढणं हे माझं काम. काकांचं काम वेगळं होतं. शारजाच्या औद्योगिक क्षेत्रात एका कॉन्ट्रॅक्टिंग कंपनीत ते एकतीस वर्षं कॅम्प बॉस होते, म्हणजे कामगारांच्या वसाहतीचे कारभारी. विमानतळावरून बस आली की कोण कुठल्या खोलीत, कोणाला वरचा पलंग, कोणाला खालचा, कपाट कुठलं, स्वयंपाकाची पाळी कोणत्या वारी, हे सगळं ते ठरवत. माणसांची नावं त्यांच्या लक्षात राहत नसत, गावं राहत. तो सिवानवाला, तो करीमनगरवाला. एका खोलीत एका गावची दोन माणसं ठेवावीत, तीन ठेवू नयेत, तीन झाली की पक्ष तयार होतो, असं त्यांचं मत होतं.

निवृत्तीनंतर ते आणि काकू मुलाच्या व्हिसावर इथेच राहिले. मुलगा संदीप आणि सून दोघंही दुबईत नोकरीला. सकाळी साडेसहाला निघत, परत यायला आठ वाजत. नात इरा बारा वर्षांची. तिचं शाळेचं, जेवणाचं, डब्याचं सगळं काकूंकडे.

पहिला माणूस जुलै महिन्यात आला. बाल्कनीच्या दाराशी उभा होता, माकडटोपी घालून. बाहेर शेहेचाळीस अंश. काकांनी काकूंना विचारलं, "हा इथं कधीपासून आहे?" काकूंना वाटलं, नव्या पडद्याबद्दल विचारतायत. त्या म्हणाल्या, "दिवाळीपासून."

"दिवाळीपासून माणूस उभा आहे, आणि तू मला आत्ता सांगतेस?"

महिन्याभरात चार झाले. माकडटोपीवाला, दोरीने बांधलेली बॅग घेतलेला, एक उंच आणि एक सतत फोनकडे बघणारा. बोलत कोणीच नसे. काकांचं म्हणणं, नवीन आहेत, लाजतात.

ते घाबरले नाहीत. बस आल्यावर जे करायचे तेच त्यांनी केलं. बाथरूमच्या दारावर पाळ्यांचा तक्ता चिकटवला. माकडटोपी पाच ते सव्वापाच, बॅगवाला सव्वापाच ते साडेपाच, असं करत संदीपची पाळी सहाला आली. एका सकाळी संदीप घाईत आधीच आत शिरायला लागला तेव्हा काका म्हणाले, "अरे, आत माणूस आहे." संदीप बाहेर थांबला. चांगली दहा मिनिटं. नंतर लिफ्टमध्ये तो मला म्हणाला, "मावशी, मी का थांबलो?"

एकदा फ्रिजवर बकरी आली. ती मात्र काकांनी पास केली नाही.

"माणसांचं ठीक आहे. जनावर अलाउड नाही. तुम्ही पेपरात एक नोटीस द्या, मॅडम. ज्याची असेल त्याने तीन दिवसांत घेऊन जावी."

मी म्हणाले, बकरी पाळणारे लोक इंग्रजी पेपर वाचत नाहीत.

"मग मल्याळम पेपरात द्या. तुमची ओळख असेलच."

मी कुठेही नोटीस दिली नाही. तीन दिवसांनी बकरी गेली. काकांनी मला दारात गाठून सांगितलं, "बघा. नोटीस लागू पडते."

माझ्याकडून दोन चुका झाल्या, त्या इथे नोंदवते. सुरुवातीलाच मी त्यांना स्पष्ट सांगितलं होतं, "काका, सोफ्यावर कोणीही नाही. मी नीट बघितलंय."

"तुम्हा पेपरवाल्यांचं हेच," ते म्हणाले. "छापून आल्याशिवाय तुम्हाला काही दिसत नाही." पुढचे दोन दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत.

मग मी दुसऱ्या टोकाला गेले. आल्या आल्या म्हणाले, "आज मंडळी अगदी ताजीतवानी दिसतायत."

काकांनी चष्म्यावरून बघितलं. "हो का? टोपीवाला कुठे बसलाय?"

मी सोफ्याचं एक टोक दाखवलं.

"तो बाल्कनीत आहे. मॅडम, तुम्हाला दिसत नाही. दिसत नसेल तर नाही म्हणावं. उगाच होला हो करू नये."

संदीप काकांना दुबईत एका डॉक्टरबाईंकडे घेऊन गेला. त्यांनीही जवळजवळ हेच सांगितलं, फक्त शांतपणे. त्या म्हणाल्या, हा मेंदूचा आजार आहे. ह्यात माणसं, जनावरं दिसतात, आणि अगदी खरी दिसतात. त्यांच्याशी वाद घालू नका आणि खोटंही बोलू नका. मला दिसत नाही, पण तुम्हाला दिसतंय हे कळतंय, असं म्हणा. त्रास होतोय का, ते विचारा. खोलीत भरपूर उजेड ठेवा, डोळ्यांचा नंबर तपासून घ्या. आणि मला विचारल्याशिवाय साधी गोळीसुद्धा देऊ नका.

शेवटच्या वाक्याचा अर्थ पंधरा दिवसांत कळला. काकांना सर्दी झाली. काकूंनी खालच्या फार्मसीतून नेहमीची गोळी आणली आणि दिवसातून दोन दिल्या. दुसऱ्या दिवशी चारचे अकरा झाले. काका हैराण. "कंपनीने न कळवता बस पाठवली," ते फोन शोधत म्हणाले. "बेड कुठून आणू?" तो दिवस आणि त्यापुढचा दिवस त्यांनी फेऱ्या मारण्यात काढला. डॉक्टरबाईंनी गोळी बंद करायला लावली. तीन दिवसांत सात जण गेले, मूळचे चार राहिले.

डॉक्टरबाईंनी सांगितलेलं वागणं घरात सगळ्यात आधी जमलं ते इराला. शाळेतून आली की दप्तर टाकता टाकता ती विचारायची, "आजोबा, हाऊ मेनी टुडे?"

"चार."

"ओके, कूल." आणि फ्रिज उघडायची.

जानेवारीत एके दिवशी काकू अंघोळीला गेल्या असताना काका चौघांना घेऊन खाली उतरले. संध्याकाळचे पाच वाजले होते. रस्त्यापलीकडच्या कोपऱ्यावर कुठल्याशा कंपनीचे कामगार आपल्या बसची वाट बघत विखरून उभे होते. पुढचं सगळं आमच्या इमारतीच्या वॉचमनने अलीकडून बघितलं, बोलणं नंतर त्या कामगारांकडून ऐकलं आणि मला दोन वेळा, एकही शब्द न बदलता सांगितलं.

काकांच्या हातात विजेचं बिल होतं. ते उंच धरून ते म्हणाले, "लाइन में आओ, लाइन में." नऊ माणसं मुकाट्याने रांगेत उभी राहिली. काका म्हणाले, "पहले ये चार जाएगा." पहिल्या माणसाने मागे सरून चौघांपुरती जागा सोडली. बस आली. ड्रायव्हर पठाण होता. त्याने विचारलं, "हबीबी, आप कौन?"

"मैं कौन, वो छोडो. तुम कितना लेट है, वो बोलो."

ड्रायव्हर सॉरी म्हणाला. मग काका बसचं दार धरून उभे राहिले, चौघं चढेपर्यंत. ड्रायव्हर थांबला, नऊही जण थांबले. तेवढ्यात वॉचमन धावत पोचला, म्हणून काका त्या बसमध्ये चढले नाहीत.

मी हे सांगितलं तेव्हा संदीप आधी खूप हसला. मग हसायचा थांबला. "मावशी," तो म्हणाला, "मधे सहा लेन आहेत. ते त्यांनी कसं क्रॉस केलं?"

संदीप वाईट मुलगा नव्हता. त्याने महिनाभर चौकशी केली आणि नाशिकजवळचं एक वृद्धनिवास शोधलं. फोटोत बाग होती, तुळस होती, पांढऱ्या चादरी होत्या. चोवीस तास माणूस असतो, असं लिहिलं होतं. ठरलं ते असं: बाबा तिथे राहतील आणि आई इथे राहील, कारण ती गेली तर इराला कोण बघणार. विमानाची तिकिटं काढून झाली. जायची दोन, यायचं एक, संदीपचं.

काकूंनी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. तीन दिवस त्या घरात बोलल्याच नाहीत. माझ्याकडे विरजण मागायला आल्या तेव्हा वाटी हातात धरून उभ्या राहिल्या. "त्यांना एकटं राहायची सवय नाही हो. आता म्हणाल, चार जण असतात. पण त्या चौघांपैकी कोणी त्यांच्या शर्टाची बटणं लावणार आहे का?"

निवासाची एक अट होती. प्रवेशाआधी व्हिडिओ कॉलवर माणूस बघायचा. शांत असेल तर घ्यायचा. शनिवारी सकाळी अकराची वेळ ठरली. संदीपने मलाही बोलावलं. "तुम्ही असलात की बाबा नीट बोलतात."

काकूंनी त्यांना इस्त्रीचा शर्ट घातला, भांग पाडून दिला. जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप ठेवला होता. संदीपने जे सांगितलं त्यात खोटं काही नव्हतं. "बाबा, नाशिकच्या मॅडम आहेत. राहायच्या जागेबद्दल बोलायचं आहे."

काकांनी चष्मा काढून शर्टाच्या टोकाने पुसला. मागे वळून सोफ्याकडे बघितलं. "कोणी मधे बोलू नका. मी बघतो."

पडद्यावर निवासाच्या मॅनेजरबाई आल्या, हसतमुख. "नमस्कार आजोबा! कसे आहात?"

"मी बरा आहे. जागेचं बोला. बेड किती?"

"अय्या! आपल्याकडे साठ बेड आहेत, आजोबा."

"खोलीत किती?"

"डबल शेअरिंग."

"कागदावर, की खरं?"

बाई मोठ्याने हसल्या. "सर, बाबा फार मिश्कील आहेत हो तुमचे."

"खोलीत किती?" काकांनी त्याच आवाजात पुन्हा विचारलं.

"सध्या तीन आहेत. टेम्पररी."

काकांनी माझ्याकडे हात केला. मी पर्समधून पेन काढून दिलं. त्यांनी जवळ पडलेल्या पाकिटावर तीन लिहिलं.

"बाथरूम?"

"कॉमन आहे, पण एकदम स्वच्छ."

"किती माणसांत एक?"

"नऊ."

"नऊवर मी सही करत नाही. बरं, पुढे. जेवण?"

"घरगुती, गरमागरम. संध्याकाळी सहाला वाढतो."

"त्यानंतर?"

"त्यानंतर सकाळी चहा. रात्री झोपतात ना सगळे."

"दार कोण बंद करतं?"

"आमचा स्टाफ असतो ना."

"आतून की बाहेरून?"

बाईंच्या मागे कुठेतरी कुकरची शिट्टी झाली. "बाहेरून. सेफ्टीसाठी हो, आजोबा. काही जण उठून फिरतात."

"चावी?"

"वॉचमनकडे."

"वॉचमन कुठे?"

"गेटवर."

"गेट ते खोली किती पावलं?"

"ते काही मोजलं नाही आम्ही."

"मोजा," काका म्हणाले. "आग लागली तर तुम्हाला मोजायला वेळ मिळणार नाही."

इतका वेळ भिंतीला टेकून उभा असलेला संदीप पुढे आला आणि वडिलांच्या शेजारची खुर्ची ओढून बसला. "मॅडम, एखाद्याला झोप नाही आली तर काय करता?"

"त्याची काळजीच नको, सर. रात्रीची गोळी असते."

"कोणाला?"

"सगळ्यांनाच. छान शांत राहतात त्याने."

"कुठली गोळी?"

"ते आमचे डॉक्टर बघतात, सर."

स्वयंपाकघराच्या दारातून काकू बोलल्या. घरात बोललेलं तीन दिवसांतलं पहिलं वाक्य. "सर्दीच्या गोळीने अकरा झाले होते."

काकांनी पाकीट उलटं करून टेबलावर ठेवलं. "मॅडम, जागा फेल आहे. माझी माणसं तिथं येणार नाहीत. खलास." आणि लॅपटॉप बंद केला. बाई बोलतच होत्या. मग सोफ्याकडे वळून त्यांनी जाहीर केलं, "सामान खोल दो भाई. शिफ्टिंग कॅन्सल."

संदीप बंद लॅपटॉपकडे बघत बसला होता. तो म्हणाला, "बाबा, हे सगळं मी विचारायला हवं होतं."

"तू कॉम्प्युटरवाला," काका म्हणाले. "तुला कोण शिकवणार?"

त्याच टेबलावर संदीपने फोन काढून तिकिटं रद्द केली. दुसऱ्यांदा पासवर्ड चुकला तेव्हा त्याने डोळे पुसले, मग बरोबर टाकला. काकूंनी चहा ठेवला. काकांनी चौघांच्या वतीने नको सांगितलं.

त्यानंतर घराच्या दाराला उघडलं की वाजणारी घंटी बसली. दिवसा सांभाळायला केरळचा एक अनुभवी माणूस ठेवला, पन्नाशीचा, पहिलवानासारखा. काकांनी त्याला पाचवा धरला आणि स्वयंपाकाच्या पाळीत मंगळवार देऊन टाकला. तो माणूसही खरोखर दर मंगळवारी माशाची आमटी करायला लागला. काकूंना मासे चालत नसत. त्या मंगळवारी माझ्याकडे जेवायच्या.

काका पुढे जवळजवळ दोन वर्षं त्या घरात होते. हळूहळू तक्ता लिहिणं थांबलं, गावांची नावं गेली, चालायला वॉकर लागला. चौघं होतेच. फेब्रुवारीत न्यूमोनिया झाला आणि काका अजमानच्याच हॉस्पिटलमध्ये वारले. काकू शेजारी होत्या. आता समोरच्या घरात दुसरं कुटुंब आहे. संदीपने इराच्या शाळेजवळ, दुबईतल्या ऊद मेथा भागात घर घेतलं. काकू तिथेच असतात.

मला मात्र त्याआधीच्या डिसेंबरातली एक दुपार आठवते. मी डबा परत द्यायला गेले होते आणि पॅसेजमध्ये उभी होते. काकू आतल्या खोलीत खुर्चीवर बसून इराच्या युनिफॉर्मचं बटण लावत होत्या. काका वॉकर धरून खोलीच्या दारात उभे होते. बराच वेळ काकूंकडे बघत होते.

"बाई, आपण कुठल्या कंपनीच्या?"

काकूंची सुई थांबली. नावं विसरणं रोजचं झालं होतं. हे पहिल्यांदा होत होतं.

"ह्याच," काकू म्हणाल्या.

"एकट्याच आलात?"

"नाही. मिस्टर आहेत."

"कुठे आहेत?"

काकूंनी माझ्याकडे बघितलं, मग त्यांच्याकडे. "आहेत इथेच."

काकांनी मान हलवली. कुटुंबाची जागा वेगळी, एकट्या पुरुषांची वेगळी, हा इथला नियम. काका तो एकतीस वर्षं पाळत आले होते. त्यांनी खोलीत चारी बाजूंना नजर टाकली आणि वॉकर थोडा बाजूला घेतला. "चलो भाई, सब बाहर. लेडीज है." एकेक जण बाहेर पडेपर्यंत ते दार धरून उभे राहिले. मधे एकदा म्हणाले, "बॅग आडवी नको, उभी घे." मग तेही मागे वळले.

"अहो, तुम्ही बसा की आत," काकू म्हणाल्या.

"नाही बाई, बरं दिसत नाही. तुमचे मिस्टर येईपर्यंत मी बाहेर आहे. घाबरू नका."

त्यांनी दार लोटून घेतलं. पॅसेजमध्ये प्लास्टिकची एक खुर्ची होती, तिच्यावर दाराकडे पाठ करून बसले. मला हाताने खूण केली, आवाज करू नका. मी डबा हातात घेऊन तशीच उभी राहिले. दोनेक मिनिटांनी आतून खुर्ची ओढल्याचा आवाज आला.

"काही हवंय का बाई?" काकांनी मागे न बघता विचारलं.

"काही नको," काकू म्हणाल्या. आवाज दारालगतच्या फटीतून आला. त्यांनी खुर्ची आणून दाराला टेकवली होती.